मूल सापडले, फोटो मात्र फिरतोच आहे

मा. संपादक,

हरवलेले मूल सुखरूप सापडल्याच्या बातमीत त्याचा चेहरा, पालकांची नावे, शाळा, राहण्याचा भाग असे सगळे छापून येते. आनंदाची बातमी म्हणून कुणाला त्यात वावगे वाटत नाही. पण बाल न्याय अधिनियम २०१५ नुसार बेपत्ता किंवा घरातून निघून गेलेले मूल 'काळजी व संरक्षणाची गरज असलेले' ठरते आणि कलम ७४ खाली त्याची ओळख पटेल असा तपशील उघड करणे गुन्हा आहे. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत कैद, दोन लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. व्हॉट्सअॅप ग्रुपही यातून सुटत नाहीत. घरातल्या अत्याचाराला कंटाळून पळालेल्या मुलाला तर तो फोटो पुढे वर्गातही छळतो.

शोधासाठी फोटो लागतोच. म्हणून पोलिसांनी काढलेले पत्रकच पुढे पाठवावे. त्यात अलीकडचा फोटो, वय, उंची, अंगावरचे कपडे, शेवटचे ठिकाण व वेळ आणि पोलीस ठाण्याचा नंबर पुरे. पालकांचा मोबाइल नंबर देऊ नये. पैसे उकळणारे नेमका तोच लावतात. एखादी जन्मखूण मुद्दाम वगळावी, म्हणजे खोटा दावा करणारा उघडा पडतो.

तक्रारीसाठी २४ तास थांबायचे नसते. बेपत्ता मुलाच्या तक्रारीवर अपहरण किंवा मानवी तस्करी गृहीत धरून एफआयआर नोंदवावा, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्येच सांगितले आहे. शोध लवकर लागावा म्हणून खासगी गुप्तहेराकडून कुणाचे कॉल रेकॉर्ड विकत घेणे मात्र बेकायदाच. ते मागवण्याचा अधिकार तपास यंत्रणेचा.

एकटे मूल दिसले तर १०९८ (चाइल्डलाइन, मुलांसाठीची हेल्पलाइन) किंवा ११२ वर कळवावे. ताब्यात घेतले असेल तर याच अधिनियमाच्या कलम ३२ प्रमाणे २४ तासांत पोलीस, चाइल्डलाइन किंवा बाल कल्याण समितीला कळवणे बंधनकारक आहे. मायेपोटी घरी ठेवून घेणे किंवा 'मी मामा' म्हणणाऱ्याच्या हाती देणे, दोन्ही घातक. एखाद्या मुलासोबतच्या माणसाचा संशय आला तरी जमाव जमवू नये. १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात मुले पळवणारे समजून भिक्षेकरी समाजातल्या पाच निरपराधांना ठेचून मारले गेले.

आपल्या दैनिकाने मूल सापडताच संकेतस्थळावरील जुन्या बातमीतला फोटो व नाव काढण्याचा नियम करावा, ही विनंती.

– एक वाचक