‘आणि दात?’

मा. संपादक, स. न.

पुरवणीतला लघुपटांवरचा लेख वाचला. परीकथा आजच्या काळात आणली की तिचा भाबडेपणा जातो, असं लेखकाचं म्हणणं. मी २५ वर्षं चित्रपटांचं संकलन केलंय, त्या नात्यानं थोडं लिहिते.

गेल्या आठवड्यात ६ वर्षांच्या नातीबरोबर लाल टोपीवालीच्या गोष्टीवर बेतलेला १२ मिनिटांचा लघुपट पाहिला. टोपीऐवजी लाल हुडी, जंगलाऐवजी मोबाइल. लांडग्यानं आजीचं खातं बळकावलेलं, व्हिडिओ बंद, पडद्यावर नुसता करडा गोल. मुलगी विचारते, ‘आजी, तुझा आवाज असा का गं येतोय?’ गोल म्हणतो, ‘नेटवर्क नाही बाळा.’ मी सरसावून बसले. काय सुचलंय!

आणि तिथेच कट. पुढच्या शॉटमध्ये थेट पोलीस. नात म्हणाली, ‘आणि दात?’

मूळ गोष्टीत आजीच्या वेशातल्या लांडग्याला मुलगी विचारत जाते: एवढे मोठे कान का, डोळे का, दात का. चाल एकच, पण दर प्रश्नाला लांडगा जवळ सरकतो आणि ऐकणारं पोर पुढचा प्रश्न ओठावर घेऊन बसतं. भोपळ्यातली म्हातारी तरी वेगळं काय करते? संकलनाच्या टेबलावर मात्र ही पुनरावृत्ती वाटते आणि कात्री चालते. माझीही चालली असती, कबूल.

वेळ नव्हता म्हणावं, तर १८९९ मध्ये फ्रेंच चित्रपटकार जॉर्ज मेलिएसनं अख्खी सिंड्रेला सहाएक मिनिटांत बसवली, वर घड्याळांचा नाचही घातला. इथे शेवटची दोन मिनिटं सायबर सुरक्षेवरचं भाषण आहे. भाबडेपणाचं म्हणाल, तर ही गोष्ट लिहिणाऱ्या फ्रेंच लेखक शार्ल पेरोच्या १६९७ च्या कथेत मुलीला कुणी वाचवतच नाही. लांडगा तिला खातो, गोष्ट संपते. सुटका करणारा शिकारी ग्रिम बंधूंच्या १८१२ च्या संग्रहातला. गोडबोले लांडगे सर्वांत वाईट, हेही पेरोनंच बजावलंय. पण गोष्ट संपल्यावर, वेगळ्या पद्यात.

रात्री नात पुन्हा म्हणाली, ‘आजी, त्या गोलाला दात कसे असतील?’ मला अजून उत्तर सुचलेलं नाही. पटकथा लिहिणाऱ्याला सुचलं होतं का, आणि टेबलावर कापलं गेलं का, एवढं कळलं तर बरं होईल.

– एक निवृत्त संकलक