नारकोंडम बेटावरच्या पोलीस चौकीतल्या दादांना, मनापासून थँक्यू

दादा, आपण हिंदीतच बोलायचो, त्यामुळे हे कोणाकडून तरी वाचून घ्या, पण मनातलं मला मराठीतच नीट सांगता येतं.

तिथे पोचायच्या आधी परवानगीसाठी इतके हेलपाटे घातले होते की माणसांवरचा विश्वासच उडायला आलेला. एका साहेबांनी तर फाइल बाजूला सरकवून तोंडावर विचारलं, एका पक्ष्यासाठी कशाला एवढा आटापिटा? अहो, तो नारकोंडम धनेश जगात दुसरीकडे कुठेच नाही! अंदमानच्या पूर्वेला समुद्रात एकटं पडलेलं जेमतेम ७ चौरस किलोमीटरचं बेट, त्यावर हजारेक पक्षी, संपलं. ज्यांना हे ठाऊक असायला हवं त्यांनाच त्याचं काही नाही, अजून आठवलं की चीड येते.

तुम्ही सामान उतरवून घेतलंत, जेवायला घातलंत, त्याबद्दल थँक्यू आहेच. पण डोक्यातून जात नाही ते पाण्याच्या कॅनचं. धनेशाची मादी अंडी उबवायला झाडाच्या ढोलीत स्वतःला लिंपून बसलेली, बारीकशी फट तेवढी उघडी, तांबूस मानेचा तो नर उंबराच्या जातीची फळं घेऊन यायचा पण खाली माणूस दिसला की लांबच्या फांदीवर बसून राहायचा. तुम्हाला हे कोणी शिकवलं नव्हतं, बघून बघून ओळखलंत, आणि दोन्ही हातात भरलेले कॅन घेऊन सरळ वाट सोडून दगडधोंड्यांतून वळसा घालून जायला लागलात, रोज, त्या उकाड्यात. मी विचारलं तर म्हणालात, तो आला नाही तर ती आत काय खाणार?

कोणी बघत नव्हतं, कुठे नोंद होणार नव्हती, तरी केलंत. पूर्वी याच बेटावर माणसांनी बकऱ्या आणून सोडल्या, त्या रानटी झाल्या आणि जंगलातली कोवळी रोपं फस्त करत सुटल्या, नंतर त्या हलवाव्या लागल्या. कोणाचा वाईट हेतू नव्हता, फक्त विचार केला नाही कोणी. तुम्ही केलात. अभयारण्याचा बोर्ड १९७७ पासून आहे हो, पण बोर्ड काय वळसा घालत नाही, त्याला माणूसच लागतो आणि अशी माणसं अजून आहेत हे तुमच्यामुळे कळलं.

चौकीवरची माणसं बदलत राहतात म्हणालात, म्हणून एक विनंती, तुमच्या जागी जो येईल त्याला ते झाड दाखवून द्या. फोटो पाठवतोय, त्यातली एक कॉपी त्याच्यासाठी ठेवा.