मुलगी सज्ञान आहे ना? मग तिलाच विचारा

मा. संपादक,

घरच्यांच्या मर्जीविरुद्ध लग्न केलेल्या मुलींच्या हेबिअस कॉर्पस याचिकांच्या बातम्या वरचेवर वाचायला मिळतात. त्यांचा सूर बहुधा एकच असतो: मुलगी कोणाला मिळाली, बापाला की नवऱ्याला? वकील म्हणून मी अशा प्रकरणांत दोन्ही बाजूंनी उभी राहिले आहे आणि या प्रश्नाची मला चीड येते. सज्ञान मुलीचा ताबा कोणाकडेच नसतो. बेकायदा डांबून ठेवलेल्या माणसाला सोडवण्यासाठी ही याचिका आहे. मुलगी जिथे आहे तिथे स्वखुशीने आहे का, एवढेच न्यायालयाने पाहायचे असते. जावई चांगला की वाईट, हे पाहायचे नसते.

तरीही काय होऊ शकते, ते केरळच्या हादिया प्रकरणात देशाने पाहिले. वडिलांच्या हेबिअस कॉर्पस याचिकेवर उच्च न्यायालयाने मे २०१७ मध्ये २४ वर्षांच्या मुलीचे लग्नच रद्द ठरवले आणि तिला आईवडिलांच्या घरी पाठवले. सर्वोच्च न्यायालयाने तिचे म्हणणे नोव्हेंबरमध्ये ऐकले, तोवर ती तिथेच होती. मार्च २०१८ मध्ये लग्न वैध ठरले. पण मधले महिने तिला कोण परत देणार? सुटकेसाठी असलेल्या याचिकेनेच तिला घरात अडकवले, हे मला आजही पचत नाही.

अशा तारखेला कोर्टाबाहेरच्या व्हरांड्यात थोडा वेळ थांबून पाहावे. पोलीस मुलीला घेऊन येतात. पुकारा व्हायला वेळ असतो. तेवढ्यात मावशी येऊन हात धरते, तो सोडत नाही. आई पायाशी बसून रडते. ‘बाबांना काही झालं तर तूच जबाबदार’ हे वाक्य कोणीतरी म्हणतेच. काका काही बोलत नाहीत, नुसते समोर उभे राहतात. मग आत सगळ्यांसमोर विचारले जाते, ‘कुठे जायचंय?’ आणि मुलगी खाली बघत म्हणते, ‘घरी.’ हा जबाब तिचा की व्हरांड्याचा?

म्हणूनच सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२४ मध्ये देवू नायर प्रकरणात उच्च न्यायालयांसाठी दिलेली मार्गदर्शक तत्त्वे मला फार मोलाची वाटतात. याचिका तातडीने सुनावणीला घ्यावी. जोडीदाराने किंवा मैत्रिणीने ती केली असेल, तर आधी नाते सिद्ध करायला लावू नये. न्यायाधीशांनी त्या व्यक्तीशी चेंबरमध्ये, घरच्यांना बाहेर ठेवून बोलावे. समुपदेशनाच्या नावाखाली तिचे मन वळवू नये. परत जायचे नाही असे ती म्हणाली, तर तिला लगेच सोडावे. ‘चार दिवस आईकडे राहा, मग बघू’ हा वरवर समजूतदार वाटणारा तोडगा यात बसत नाही, आणि सुधारगृहात पाठवणे तर मुळीच नाही. सज्ञान व्यक्ती काही सरकारी मुद्देमाल नव्हे.

आईवडिलांचे दुःख खोटे नसते, ते मी जवळून पाहिले आहे. मुलीशी संबंध तोडण्याची त्यांना मोकळीक आहे. आंतरजातीय लग्नाच्या लता सिंह प्रकरणात २००६ मध्येच सर्वोच्च न्यायालयाने ते सांगितले. मात्र धमकी, मारहाण, छळ यांना जागा नाही. आणि एकटीला विचारल्यावरही मुलगी आईवडिलांकडेच जाते म्हणाली, तर नवऱ्यानेही ते मानले पाहिजे. तिचा निर्णय आपल्याला पटो न पटो, तो तिचाच. यात मी कुठलीही सवलत मागत नाही.

माझे मागणे साधे आहे. ही तत्त्वे सोप्या मराठीत प्रत्येक पोलीस ठाण्यात दर्शनी भागात लावावीत. मुलीला हजर करायच्या दिवशी तिला वेगळ्या खोलीत, महिला पोलिसासोबत बसवावे आणि पुकारा होईपर्यंत नातेवाइकांना, नवऱ्यालाही, तिच्याजवळ जाऊ देऊ नये. विधी सेवा प्राधिकरणाने त्याच खोलीत तिला स्वतःचा वकील द्यावा. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ नुसार उत्पन्न कितीही असले तरी स्त्रीला मोफत वकील मिळतो. याचिका बापाची, वकील बापाचा. उत्तर नवऱ्याचे, वकील नवऱ्याचा. आणि जिच्यासाठी हे सगळे चालले आहे तिच्या बाजूने बोलायला कोणीच नाही, हे आधी थांबवा.

आपली,
एक वाचक, व्यवसायाने वकील