आत्याच्या हाती कारभार

संपादक महोदय,

मध्ययुगीन युरोपातील मठ म्हणजे संसारापासून दूर झालेल्या स्त्रियांचा आसरा, ही आपल्याकडची समजूत जर्मनीतील क्वेडलिनबुर्गच्या माटिल्डेचे चरित्र वाचल्यावर टिकत नाही. सम्राट पहिल्या ऑटोची ही कन्या ९६६ मध्ये, अवघ्या अकराव्या वर्षी, तेथील मठाधिपती झाली. ९९४ मध्ये या मठाला बाजार भरवण्याचा, नाणी पाडण्याचा आणि जकात घेण्याचा अधिकार मिळाला, म्हणजे बाजारात आलेल्या व्यापाऱ्याचा पैसा प्रार्थनेइतकाच मठाच्या व्यवहारातला झाला. पुढे ९९७ मध्ये माटिल्डेचा भाचा, सम्राट तिसरा ऑटो, इटलीकडे निघाला, तेव्हा त्याने मागचा कारभार (सरदारांची फौज हाताशी असूनही) या आत्याकडेच सोपवला. शालेय इतिहासात तिला दोन ओळीही मिळू नयेत, याचे नवल वाटते.

– एक वाचक, नाशिक