पाद्री पोएलखाऊ नोकरीत का राहिले?

प्रिय माधव,

सप्रेम नमस्कार.

हिटलरची राजवट अन्यायी आहे हे कळत असूनही हॅराल्ड पोएलखाऊ तिच्या तुरुंगात पगारी पाद्री म्हणून का राहिले, हा तुझा प्रश्न मी टाळणार नाही. १९३३ साली ते बर्लिनच्या टेगल तुरुंगात रुजू झाले आणि युद्ध संपेपर्यंत हजाराहून अधिक कैद्यांना त्यांनी मरणाच्या दारापर्यंत सोबत केली.

तुझा आक्षेप मी आणखी कठोरपणे मांडतो. प्रार्थनेने शांत झालेला कैदी जल्लादाचेही काम सोपे करतो, आणि शेजारी पाद्री उभा असला की खुनालाही कायद्याचे रूप येते. ७ सप्टेंबर १९४३ च्या रात्री बर्लिनच्याच प्लोत्सेन्झे तुरुंगात, बॉम्बहल्ल्यात गिलोटिन (शिरच्छेदाचे यंत्र) निकामी झाल्यामुळे, मेणबत्त्यांच्या उजेडात आठ-आठ जणांना फासावर चढवण्यात आले. सकाळपर्यंत १८६ माणसे गेली, आणि त्यांतले काही तर घाईगर्दीत चुकून गेले. पोएलखाऊ तिथे हजर होते. ती हजेरी निव्वळ पुण्याईची होती, असे मी म्हणणार नाही.

पण राजीनामा दिला असता तर कोठडीची किल्ली गेली असती. हिटलरविरोधक हेल्मुट फॉन मोल्टके टेगलमध्ये कैदेत होते तेव्हा, सप्टेंबर १९४४ पासून जानेवारीत त्यांना फाशी होईपर्यंत, त्यांची आणि पत्नी फ्राया यांची पत्रे पोएलखाऊ लपवून नेत-आणत. सापडले असते तर त्यांचीही मान गेली असती, कारण ते स्वतः मोल्टके यांच्याच क्रायसाऊ या हिटलरविरोधी गुप्त गटातले होते, आणि हे सरकारला अखेरपर्यंत कळले नाही. (फ्राया यांनी ती पत्रे मधमाश्यांच्या पेट्यांत लपवली होती!) शिवाय पत्नी डोरोथे यांच्या साथीने ते ज्यूंना आसरा मिळवून देत. याद वाशेम या इस्रायलमधील ज्यू-हत्याकांडाच्या स्मारक संस्थेने त्याबद्दल १९७१ मध्ये दोघांचा गौरव केला.

तरीही हिशेब जुळतो असे मला वाटत नाही. पत्रे पोचवायची तर सरकारचा विश्वास हवा, आणि तो टिकवायचा तर वधस्तंभापाशी शिस्तीत उभे राहायला हवे; मदत आणि सहभाग अशी वेगळी खातीच त्यांना मांडता येत नव्हती. मी त्यांच्या जागी राजीनामा दिला असता आणि लोकांनी मला तत्त्वनिष्ठ म्हटले असते, पण कोठडीतल्या माणसाला त्याचा काडीचाही उपयोग झाला नसता.

युद्धानंतर, १९४९ मध्ये, ते पुन्हा त्याच टेगलमध्ये पाद्री म्हणून गेले. याचा अर्थ तू कसा लावतोस, ते सविस्तर कळव.

तुझा,
श्रीधर