इरीन पापास : फक्त ‘झोर्बा’तली विधवा नव्हे

महोदय,

ग्रीक अभिनेत्री इरीन पापास यांचे नाव आपल्याकडे निघते ते बहुधा ‘झोर्बा द ग्रीक’मधली (१९६४) विधवा म्हणूनच. ती भूमिका मोठीच. त्या विधवेच्या तोंडी शब्द जेमतेम, तरी सगळे गाव तिच्या नजरेला बिचकते. पण पाच दशकांहून मोठी कारकीर्द एवढ्यावर संपवणे मला अन्यायाचे वाटते.

त्यांना पाहावे ते दिग्दर्शक मिहालिस काकोयानिसच्या, ग्रीक शोकांतिकांवरच्या चित्रपटांत. ‘इलेक्ट्रा’त (१९६२) आखूड कापलेल्या केसांची, काळ्या कपड्यांतली, आईवर सूड उगवायला निघालेली मुलगी त्यांनी केली. पुढे १९७७च्या ‘इफिजेनिया’त त्याच आईची, क्लायटेम्नेस्ट्राची भूमिका! ‘द ट्रोजन विमेन’मधली (१९७१) त्यांची हेलन तर आधी फळ्यांच्या फटीतून दिसते. दिसतात ते फक्त डोळे, इकडून तिकडे येरझारा घालणारे. पुढचे संवाद मी विसरलो, ते डोळे अजून समोर आहेत.

१९६७ साली ग्रीसमध्ये लष्कराने सत्ता बळकावली, तेव्हा पापास यांनी उघड विरोध केला आणि परदेशात राहणे पत्करले. त्यांची भूमिका असलेला ‘झी’ हा चित्रपट त्याच काळातला. २००९ साली व्हेनिस बिएनाले या कलामहोत्सवाने त्यांना जीवनगौरवाचा ‘सुवर्णसिंह’ पुरस्कार दिला. २०२२च्या सप्टेंबरात त्या गेल्या.

आपल्या रविवार पुरवणीत त्यांच्यावर एक सविस्तर लेख यावा, ही मनापासून विनंती.

– एक वाचक, सातारा