सर्व्हरमध्ये काय काय लोड होतंय ते कुणी बघतं का?

संपादक,
सप्रेम नमस्कार.

सायबर हल्ल्यांच्या बातम्यांमध्ये पासवर्ड, ओटीपी, फसव्या लिंक यावर भरपूर लिहिलं जातं आणि ते हवंच, पण ज्या सर्व्हरवर वेबसाइट चालते त्याच्या पोटात काय काय भरलंय याबद्दल मात्र कधीच काही येत नाही, म्हणून हे पत्र.

अपाची या वेबसाइट चालवणाऱ्या सर्व्हर प्रोग्रामचं घ्या. मूळ प्रोग्राम तसा छोटासाच आहे, बाकीची कामं मॉड्यूल्स करतात, म्हणजे माहिती सांकेतिक करून पाठवणाऱ्या एसएसएलचं वेगळं, यूआरएल बदलणारं रीराइट वेगळं, पीएचपी भाषेतला कोड चालवणारं वेगळं. १९९८ मध्ये १.३ व्हर्जन आलं तेव्हापासून ही मॉड्यूल्स डॉट एसओ फाइल म्हणून सुटी ठेवता येतात, कॉन्फिगमध्ये, म्हणजे सेटिंगच्या फाइलमध्ये, लोडमॉड्यूलची एक ओळ टाकली की सर्व्हर सुरू होतानाच ती फाइल मेमरीत येते, अख्खा सर्व्हर परत कंपाइल करत, म्हणजे मूळ कोडपासून नव्याने बनवत, बसावं लागत नाही. एनजिनएक्स या दुसऱ्या सर्व्हरमध्ये ही सोय २०१६ ला आली, विंडोजवाल्या आयआयएस सर्व्हरमध्ये हेच काम डीएलएल फाइल करतात. सोय खरंच मोठी आहे, मला त्याबद्दल तक्रार नाही.

पण एकदा लोड झालं की मॉड्यूल आणि सर्व्हर यांच्यात भिंत अशी काही राहत नाही. मेमरी तीच, परवानग्या त्याच. आणि सर्व्हर बहुतेक ठिकाणी रूटने, म्हणजे सगळे अधिकार असलेल्या खात्याने, सुरू होतो त्यामुळे मॉड्यूलचा सुरुवातीचा कोडसुद्धा रूट म्हणूनच चालतो.

२००१ च्या जुलैमध्ये कोड रेड नावाचा वर्म, म्हणजे आपोआप पसरणारा घातक प्रोग्राम, आला होता, त्याने १४ तासांच्या आत साडेतीन लाखांहून जास्त मशीन गाठली. चूक आयआयएसच्या मूळ प्रोग्राममध्ये नव्हतीच, ती होती आयडीक्यू डॉट डीएलएल या सर्च इंडेक्सिंगसाठी जोडलेल्या फाइलमध्ये, आणि इंडेक्सिंग सर्व्हिस बंद असली तरी काही फरक पडत नव्हता, फाइल सर्व्हरला जोडलेली असली की पुरे. चूक दुरुस्त करणारा पॅच १८ जूनलाच आला होता. म्हणजे जी गोष्ट कित्येकांनी कधी वापरलीच नव्हती तिच्यापायी त्यांची मशीन गेली, याचं मला अजूनही वाईट वाटतं.

दुसरी गोष्ट याहून कमी लोकांना माहीत असते. २०१४ च्या एप्रिलमध्ये हार्टब्लीड उघडकीस आलं, ओपनएसएसएल या एसएसएलसाठीच्या लायब्ररीतल्या (तयार कोडच्या संचातल्या) चुकीमुळे सर्व्हरच्या मेमरीतले एका वेळी ६४ केबीपर्यंतचे तुकडे बाहेर वाचता येत होते. अपाचीचं एसएसएल मॉड्यूल याच लायब्ररीवर उभं आहे. अपडेट केलं की डिस्कवर नवीन फाइल येते, स्क्रीनवर सगळं झालं असं दिसतं, पण चालू असलेल्या सर्व्हरने जुनी फाइल मेमरीत धरून ठेवलेली असते आणि तो बंद करून परत सुरू करेपर्यंत तीच वापरत राहतो!! नुसत्या रीलोडवर भरवसा ठेवू नका, पूर्ण रीस्टार्ट करा. उघड्या फाइल दाखवणाऱ्या एलएसओएफ कमांडमध्ये अशी जुनी लायब्ररी डिलीटेड किंवा डीईएल म्हणून दिसते, डेबियन लिनक्सवर नीडरीस्टार्ट नावाचं टूल तर कोणती सर्व्हिस रीस्टार्ट करायची ते सरळ सांगतं.

त्यात कुणी मुद्दाम घुसवलेली मॉड्यूल्सही असतात. २०१२-१३ च्या सुमारास डार्कलीच नावाचं अपाची मॉड्यूल फिरत होतं, ते साइटच्या पानांमध्ये गुपचूप घातक कोड मिसळायचं, आणि साइटच्या स्वतःच्या फाइल कितीही तपासल्या तरी त्यात काहीच सापडायचं नाही कारण गडबड सर्व्हरच्या मॉड्यूलमध्ये होती. म्हणून प्रत्येक डॉट एसओ फाइल कोणत्या पॅकेजमधून आली हे पॅकेज मॅनेजरला (सॉफ्टवेअर बसवणाऱ्या टूलला) विचारून बघायलाच हवं, जिचा पत्ता लागत नाही ती आली कुठून हे शोधल्याशिवाय सोडू नये.

जे सर्व्हर सांभाळतात त्यांनी अपाचीची एचटीटीपीडी -एम (कॅपिटल एम) ही कमांड चालवून लोड झालेल्या मॉड्यूल्सची यादी एकदा शांतपणे वाचावी. यूजरडीर, ऑटोइंडेक्स, स्टेटस यातलं जे वापरात नाही ते काढून टाका, कॉन्फिगटेस्टने सेटिंग बरोबर आहे का बघा मग रीस्टार्ट करा, काही अडलंच तर ओळ परत टाकता येते.

आणि तुमच्या बातमीदारांना एक विनंती आहे. पुढच्या वेळी एखादी साइट हॅक झाल्याची बातमी करताना "सर्व्हर अपडेट केलेला होता" एवढ्या उत्तरावर थांबू नका, अपडेटनंतर तो रीस्टार्ट कधी केला आणि त्यात कोणती मॉड्यूल्स लोड होती हेही विचारा आणि मिळालेलं उत्तर छापा.

आपला,
सर्व्हर सांभाळणारा एक वाचक